चटक्याची रेघ

आईचा पहिला अर्ज सर्पदंशाच्या रकान्यात गेला आणि अर्ध्या तासात दारात ॲम्ब्युलन्स येऊन उभी राहिली.

चूक आईची नव्हती. सरकारने नुकताच 'बोलका अर्ज' सुरू केला होता. आपण फोनशी बोलायचं, तो लिहून घेणार. आजार कोणता, असं त्याने विचारलं. आईने खरं ते सांगितलं, "मले नागीण झाली." कुठे, म्हणून विचारलं तर म्हणाली, "उजव्या अंगाले, कंबरेवरून पाठीपर्यंत." फोनने ते ऐकून घेतलं, लिहून घेतलं आणि परस्पर रुग्णालयाला कळवलं. ॲम्ब्युलन्समधला माणूस विषावरचं इंजेक्शन हातात घेऊनच आत आला आणि साप मारला का, रंग कोणता होता, असं विचारू लागला. आईने त्याला बसवून चहा पाजला. मी तोवर शाळेतून धापा टाकत घरी पोचले होते. त्या दिवशीची माझी किरकोळ रजा गेली ती गेलीच.

'सर्पदंशासाठी विजयापत्र देय नाही' असं उत्तर तिसऱ्या दिवशी आलं.

विजयापत्र म्हणजे ते कार्ड. भांगेचं वैद्यकातलं नाव विजया, म्हणून सरकारने कागदावर तेच घेतलं. फैजपुरात मात्र सगळे त्याला गांजाकार्ड म्हणतात. शेजारच्या नेमाडेकाकूंनी आईला ओट्यावरूनच विचारलं होतं, "काय व कोकिळा, आता म्हातारपणी चिलीम ओढतं का?" आई म्हणाली, "ओढतो ना. तू काडी लावाले ये." जिभेखाली घ्यायचे चार थेंब असतात हे तिने काकूंना सांगितलं नाही. सांगून उपयोगही नव्हता.

आता नागिणीचं सांगते. लहानपणी कांजिण्या येऊन जातात, पण त्यांचा विषाणू जात नाही. तो मणक्याजवळच्या मज्जातंतूत वर्षानुवर्षं निजून राहतो आणि म्हातारपणी अंगातली ताकद उतरली की एका बाजूला फोडांचा पट्टा उठवतो. फोड पंधरा दिवसांत वाळतात. पण काहींच्या बाबतीत ती नस कायमची बिघडते, आणि मग साधा स्पर्शसुद्धा ती मेंदूला आग म्हणून कळवते. आईला वर्ष होत आलं होतं. ती गाऊन उलटा घालते, शिवण बाहेर ठेवून. पंख्याचा वारा सोसत नाही. उजवा हात अंगापासून लांब धरून, कोपर काढून उभी राहते. गल्लीतल्यांना वाटतं भांडायच्या पवित्र्यात आहे. आमचं आडनाव झोपे, आणि आईला सलग दोन तासांची झोप नाही. घरात आम्ही दोघीच, त्यामुळे मलाही नाही. गोळ्या सगळ्या करून झाल्या होत्या. त्यांनी दुखणं गेलं नाही, गुंगी तेवढी आली आणि ती दोनदा न्हाणीत पडली. डॉक्टरांनी शेवटी हे थेंब सुचवले. कार्डाशिवाय ते मिळत नाहीत आणि यंत्रावर साठ आकडा आल्याशिवाय कार्ड मिळत नाही.

दुसरा अर्ज मी हाताने लिहिला. 'नागीण-पश्चात मज्जातंतुवेदना' असं लिहिलं तेव्हा कुठे तो स्वीकारला गेला.

* * *

विजया कक्ष भुसावळला, टेलिफोन एक्स्चेंजच्या जुन्या इमारतीत आहे. आमचा नंबर लागेपर्यंत साडेबारा झाले. आत नसीमा तडवी नावाच्या तंत्रज्ञ बाई होत्या, माझ्याच वयाच्या, डोळ्यांखाली काळी वर्तुळं. सकाळपासून बावीस जणांना टोप घालून झाला होता, आई तेविसावी.

"मावशी, बसा. डाव्या हाताची बाही वर करा."

पांढरा टोप आईच्या डोक्यावर बसवला गेला. "पातेलं घातलं व माय डोक्यावर," आई म्हणाली. तडवी बाई हसल्या. त्या दिवशी त्या पहिल्यांदाच हसल्या असाव्यात.

यंत्र कसं चालतं ते मी तिथल्या भिंतीवरच्या तक्त्यात वाचलं होतं. मेंदूत विचार असो की वेदना, तिथे बारीक वीज खेळते. वीज आली की चुंबकत्व येतं, पण ते इतकं क्षीण असतं की पूर्वी ते मोजायला खोलीएवढं, गोठवून ठेवलेलं यंत्र लागायचं. आता नखाएवढ्या काचेच्या कुपीत रुबिडियम धातूची वाफ भरतात. त्या वाफेतले अणू एवढ्याशा चुंबकत्वानेही हलतात आणि ती हालचाल प्रकाशाने टिपता येते. अशा दीडशे कुप्या टोपात बसवलेल्या असतात. वेदनेची म्हणून एक खास रेघ असते, ती लपत नाही.

अडचण पुढे आहे. रेघ किती उंच येईल हे कवटीच्या जाडीवर, वयावर, कशाकशावर अवलंबून असतं. यंत्राला रेघ दिसते, पण ती रेघ त्या माणसासाठी म्हणजे किती, हे त्याला कळत नाही. ते माणसाने सांगायचं. म्हणून हाताला एक धातूची चकती बांधतात. ती हळूहळू तापत जाते. दुखायला लागलं की रुग्णाने 'दुखतं' म्हणायचं. त्या क्षणीच्या रेघेला यंत्र वीस गुण देतं. मग आजाराच्या जागी कापसाचा बोळा फिरवतात आणि ती रेघ पहिल्या रेघेच्या किती पट येते त्यावरून आकडा काढतात. शाळेत इयत्ता सातवीला हे त्रैराशिक मी दरवर्षी शिकवते.

"दुखू लागलं की सांगा हं मावशी," तडवी बाईंनी बजावलं आणि चकती सुरू केली.

पडद्यावर तापमान चढू लागलं. चाळीस. बेचाळीस. मी आईकडे बघत होते आणि आई माझ्याकडे. चव्वेचाळीस, शेहेचाळीस. आईने खिडकीतून बाहेर नजर टाकली. अठ्ठेचाळीस. पन्नासला चकती आपोआप बंद पडली, कारण त्याच्या पुढे कातडीला इजा होते.

"दुखलं नाही?" तडवी बाईंनी विचारलं.

"नही बापा. गरम व्हतं थोडं."

यंत्राने पन्नासच्या रेघेलाच वीस गुण देऊन टाकले. मग नागिणीवर कापूस फिरला. आईने दात आवळले, डोळ्यांतून पाणी आलं. पडद्यावर आकडा आला, चौतीस. अपात्र.

मला खरं तर तेव्हाच कळायला हवं होतं. आई तीस वर्षं मांडे करत होती.

ज्यांनी मांडे होताना पाहिले नाहीत त्यांच्यासाठी सांगते. पुरण भरलेला उंडा दोन्ही हातांवर झेलत झेलत मोठा करायचा, तो कोपरापर्यंत पसरला की पेटत्या चुलीवरच्या उलट्या खापरावर अलगद टाकायचा. लाटणं नाही, पोळपाट नाही, चिमटा नाही. टाकताना मनगटापासून कोपरापर्यंतचा भाग खापराला लागतोच. पुन्हा उचलायचा तोही हातानेच. बाबा गेल्यावर आईने हे काम धरलं. लग्नसराईत आणि आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, पहाटेपासून दीडदीडशे मांडे. फैजपूर, सावदा, यावल, सगळीकडून तिला बोलावणं यायचं.

"तिच्या हाताला सवय झालीय," मी तडवी बाईंना सांगितलं. "तिला भाजतच नाही. दुसऱ्या जागी चकती लावता येणार नाही का?"

"डावा हात, मनगटाच्या वर सहा बोटं. नियमात तेवढंच आहे." त्यांनी कपाळ चोळलं. "ताई, पूर्वी हे डॉक्टरच ठरवायचे. मग तरण्याताठ्या लोकांकडे कार्डं सापडली, चौकशी झाली, म्हणून हे यंत्र आलं. मला आकड्याला हात लावता येत नाही. तीन संधी असतात. तिसरी गेली की दोन वर्षं थांबावं लागतं."

दोन वर्षं. परतीच्या एसटीत आई पुढच्या सीटच्या दांडीला धरून, पाठ न टेकता, तासभर ताठ बसली होती. प्रत्येक खड्ड्याला तिचा जबडा आवळला जायचा. हिची दोन वर्षं कशी जाणार, या विचाराने मला रडू आलं. मग दमणुकीने तेही थांबलं.

* * *

महिनाभराने आम्ही पुन्हा गेलो. या वेळी मी आईकडून घरी तयारी करून घेतली होती. गरम वाटी हातावर ठेवायची आणि आईने 'दुखतं' म्हणायचं. घरी ती शहाण्यासारखी म्हणायची. कधी कधी वाटी गार असतानाही म्हणायची, मला बरं वाटावं म्हणून.

खुर्चीत बसल्यावर मात्र पुन्हा तेच. तापमान चढत गेलं, आई माझ्याकडे बघत राहिली आणि तिचं तोंड काही उघडलं नाही. खोलीतलं सगळं बोलणं नोंदवलं जातं, त्यामुळे मला काही सुचवता येत नव्हतं. मी नुसत्या भुवया उंचावत राहिले. पन्नासला चकती थांबली.

पस्तीस. एका गुणाची प्रगती.

आई बाहेर बाकावर जाऊन बसली. मी पाय ओढत निघाले तेव्हा तडवी बाईंनी मला थांबवलं आणि नोंदणीचं बटण बंद केलं.

"ताई, तुम्ही गेल्या वेळी म्हणालात, आईला भाजत नाही."

"हो. सवय आहे तिला."

"इकडे या." त्यांनी पडद्यावरची रेघ मागे सरकवली. "ही बघा. इथपर्यंत सपाट आहे. आता इथे उठली. किती आहे तापमान?"

"चव्वेचाळीस."

"माझीही इथेच उठते. तुमचीही उठेल. इथून पुढे बघा, चढतच गेलीय. पन्नासला बघा कुठे पोचली. मी रोज तीस-चाळीस जणांच्या रेघा बघते, या रेघेला माणसं हात ओढून घेतात, मला शिव्या देतात." त्यांनी पडदा बंद केला. "मावशींना सगळं कळतं. त्या बोलत नाहीत, एवढंच."

मी काहीतरी म्हणाले असेन. काय ते आठवत नाही.

मला आठवलं ते आमच्या मागच्या अंगणातलं खापर. मी तिसरी-चौथीत असेन. शाळेतल्या चार मुलींना मी घरी घेऊन आले होते, जादू दाखवायला. माझ्या आईचे हात विस्तवातसुद्धा भाजत नाहीत, अशी मी वर्गात बढाई मारली होती आणि कोणी विश्वास ठेवत नव्हतं. मी म्हटलं, आई, दाखव ना. आईने खापराकडे बघितलं, मग माझ्याकडे. आणि सगळ्यांसमोर उघडा तळवा त्यावर टेकवला, उचलला, हसली. मुली किंचाळल्या. पुढे वर्षभर वर्गात माझा भाव वधारलेला होता.

* * *

एसटी स्टँडसमोरच्या रसवंतीत आम्ही बसलो. आईने नेहमीप्रमाणे बर्फ नको म्हणून सांगितलं.

"आई, तुला चटका बसत होता. मी रेघ बघितली."

"चटका बसत व्हता तो. मंग?"

"मग सांगितलं का नाहीस?"

"त्यानं इचारलं, दुखतं का. दुखणं म्हंजे दुखणं. हे माह्य अंग दुखतं ते दुखणं. चटक्याले कोन दुखणं म्हनतं?" तिला माझ्या अडाणीपणाची खरोखर कीव आलेली दिसली. "भाजणं येगळं आन् दुखणं येगळं. एवढी मास्तरीन झाली तू, हेमांगी."

मी ग्लास खाली ठेवला. मला तिचा राग आला होता आणि माझा त्याहून जास्त. "तू मला सांगायचीस भाजत नाही. मी रोज विचारायचे. रोज तू नाही म्हणायचीस."

आई उसाच्या चरकाकडे बघत होती. तिकडेच बघत म्हणाली, "मंग काय सांगू तुले? तू पाटावर बसून इचारायची, आई, भाजतं का? हाव म्हटलं असतं तर मांडा खाल्ला असता तू?"

मी टेबलावरचा ग्लासाचा ओला गोल बोटाने पुसत राहिले.

"त्या मशीनले तुले सांगायची काय गरज पडली," ती पुटपुटली. "इतके वर्सं निभलं व्हतं."

"निभलं नाही, आई. आता एकच संधी आहे. पुढच्या खेपेला चटका बसला की दुखतं म्हण. खोटं नाही ते."

"तुह्यासमोर नही निघत तोंडातून," आई म्हणाली. "म्या लय कोशीश केली."

तिने रस अर्धाच प्यायला. उरलेला मी प्यायले, कारण तो टाकलेला तिला चालत नाही.

* * *

रुग्णासोबत एक नातेवाईक खोलीत हजर पाहिजे, असा नियम आहे. टोप घातल्यावर कुणाला चक्कर येते, कुणी घाबरतं. तिसऱ्या खेपेला मी तडवी बाईंना विचारलं, मी बाहेर थांबले तर चालेल का?

"चालणार नाही. अर्जच रद्द होईल." मग त्या नोंदणीच्या बटणाकडे बघत, एकेक शब्द मोजून म्हणाल्या, "सोबत्याने खोलीत असावं, एवढं नियमात आहे. त्याने कुठे बघावं ते लिहिलेलं नाही."

मी माझी खुर्ची उचलली आणि भिंतीकडे तोंड करून बसले. समोर यंत्राचा तोच तक्ता होता, रुबिडियमच्या कुप्यांचा. तो मला आता पाठ झाला होता.

मागे चकती सुरू झाल्याचा बारीक आवाज आला. पडदा मला दिसत नव्हता, पण तडवी बाई तापमान मोठ्याने वाचत होत्या. पूर्वी त्या वाचत नसत.

"चाळीस."

खुर्ची करकरली.

"बेचाळीस. त्रेचाळीस."

मी मनातल्या मनात म्हण, म्हण, करत होते, आणि त्याच वेळी मला ते ऐकायचं नव्हतं. ते एकदा ऐकलं की मी खाल्लेला प्रत्येक मांडा मला परत मोजावा लागणार होता. नोकरीच्या पहिल्या दिवशी मी वर्गाला अभिमानाने सांगितलं होतं, माझ्या आईने खापरावर मला शिकवलं. वाक्य म्हणून ते छान होतं.

"चव्वेचाळीस."

आईने श्वास घेतलेला मला ऐकू आला.

"पंचेचाळीस."

"दुखतं," आई म्हणाली.

आवाज अगदी लहान होता, तिचा वाटलाच नाही. मी मागे वळले नाही. चकती लगेच बंद झाली. आई मात्र थांबली नाही. एकदा सुरुवात झाल्यावर तिला ते आवरता येईना.

"दुखतं बाई. लय दुखतं."

"झालं मावशी, बंद केली. झालं," तडवी बाई म्हणाल्या.

मग कापूस. आई कण्हली आणि या वेळी तिने दात आवळले नाहीत. मी तक्त्यावरची तीच ओळ पुन्हा पुन्हा वाचत राहिले.

"अठ्ठ्याहत्तर," तडवी बाईंनी सांगितलं. "पात्र. ताई, वळा आता."

मी वळले. आईचा चेहरा घामाने डबडबलेला होता, टोप थोडा कलला होता. तिने माझ्याकडे पाहिलं आणि घाईघाईने डाव्या हाताची बाही खाली ओढली. सहा बोटांवरचा तो लाल गोल झाकला गेला. त्याच्या आजूबाजूला जुन्या, पांढुरक्या डागांची गर्दी होती. मी ते आयुष्यभर पाहिले होते आणि कधी मोजले नव्हते.

"मिळालं का व कार्ड?"

"मिळालं, आई."

"एक शेवटचा प्रश्न राहिलाय," तडवी बाई म्हणाल्या. "रुग्णाने स्वतःच्या आवाजात उत्तर द्यायचं, मग कार्ड छापून येतं." त्यांनी माइक आईपुढे सरकवला आणि कागदावरचं वाचलं. "हे दुखणं आपल्याला कधीपासून आहे?"

आई थकलेली होती. टोप काढल्यामुळे केस विस्कटले होते. तिने प्रश्न नीट ऐकला, क्षणभर विचार केला आणि शाळेत नाव पुकारल्यावर उत्तर द्यावं तसं सरळ सांगितलं.

"हेमांगी तिसरीत व्हती तव्हापासून."

तडवी बाईंनी बोट पुढे करून नोंदणी थांबवली. शेवटचं वाक्य पुसलं. माझ्याकडे बघणं त्यांनी टाळलं.

"मावशी," त्या हळूच म्हणाल्या, "मी नागिणीचं विचारतेय."

"अस्सं, नागीण व्हय." आई ओशाळून हसली. नोंदणी पुन्हा सुरू झाल्यावर तिने माइक स्वतःच जवळ ओढला. "तिले चवदा महिने झाले. तेवढंच लिहा."